घरमालकाचे नाव राहिले

मा. संपादक, स. न.

रविवारच्या पुरवणीतील 'द गॉडफादर'च्या दुसऱ्या भागावरच्या (१९७४) लेखात घरमालक रॉबर्टोच्या प्रसंगाचे कौतुक आहे. पण ते सगळे रॉबर्ट डी नीरोच्या पदरात पडले आहे. घरमालक झालेल्या नटाचे नावसुद्धा नाही. तो इटालियन नट लिओपोल्दो त्रिएस्ते. जन्म १९१७, रेज्जो कालाब्रिया. मृत्यू २००३, रोम.

डी नीरो त्या प्रसंगात नुसता बसून पाहतो. काम करतो त्रिएस्ते. कुत्रा पाळला म्हणून विधवेला बाहेर काढणारा रॉबर्टो आधी भर रस्त्यात व्हितोला, म्हणजे डी नीरोला, झिडकारतो. मग हा माणूस कोण ते कळल्यावर धावत येतो. भाडे पूर्वीचेच राहील म्हणतो, मग पाच डॉलर कमी, मग दहा. कोणी दम देत नाही, हत्यार दिसत नाही. समोरचा चेहरा हलत नाही, म्हणून हा स्वतःच आकडा खाली आणतो. शिवाय बाहेर पडताना त्याला दारही पटकन उघडत नाही! आपल्या एकांकिका स्पर्धांत घाबरलेला माणूस म्हणजे हातपाय थरथरवणे. त्रिएस्ते भीती लपवायला धडपडतो, आणि हशा नेमका तिथे येतो.

हा मुळात नाटककार. इटालियन दिग्दर्शक फेलिनीने त्याला 'द व्हाइट शेख'मध्ये (१९५२) घेतले. मधुचंद्राला रोममध्ये आलेल्या इव्हानची बायको नाहीशी होते आणि तो नातेवाइकांना ती आजारी असल्याचे सांगत सुटतो. पुढच्याच वर्षी 'इ वितेल्लोनी'त तो लहान गावातला होतकरू नाटककार झाला. मोठ्या नटाला नाटक वाचून दाखवतो आणि तो नट अंधाऱ्या समुद्रकिनाऱ्याकडे बोलावू लागताच पळ काढतो. भावे नाट्यमंदिराच्या गावात हा प्रसंग तरी दाखवायला हवा.

पुढे बहुतेक छोटी कामेच. दिग्दर्शक जेर्मीच्या 'डिव्होर्स इटालियन स्टाइल'मधला (१९६१) चित्रकार कार्मेलो, 'डोन्ट लुक नाऊ'मधला (१९७३) हॉटेल व्यवस्थापक. 'सिनेमा पॅरादिसो'तला (१९८८) पाद्री आपल्याकडे अनेकांनी पाहिला आहे. पडद्यावर चुंबन आले की त्याने घंटी वाजवायची आणि प्रोजेक्टरच्या ऑपरेटरने ते नंतर कापण्यासाठी त्या जागी रिळात कागदाची चिठ्ठी घालायची. त्याच दिग्दर्शकाच्या, तोर्नातोरेच्या 'द स्टार मेकर'मधल्या (१९९५) मुक्याच्या भूमिकेसाठी त्याला सहायक अभिनेत्याचा दाविद दी दोनातेल्लो हा इटलीचा चित्रपट पुरस्कार मिळाला. तेव्हा वय सत्तरीच्या पुढचे.

शहरातील चित्रपट मंडळांनी त्याचे काम दाखवायचे ठरवल्यास सुरुवात 'व्हाइट शेख'पासून करावी, 'गॉडफादर'पासून नको. नाहीतर तो फक्त दार उघडता न येणारा म्हातारा वाटतो. इंग्रजी डबिंगची प्रत टाळावी. त्या काळी इटलीत संवाद बहुधा नंतरच भरले जात, त्यामुळे ओठ थोडे पुढेमागे होतील. तो प्रोजेक्टरचा दोष समजून आवाज जुळवत बसू नये.

– एक वाचक, विश्रामबाग, सांगली