बी.एड. प्रवेशापूर्वी मान्यतेची कागदपत्रे तपासा

सर्व सभासद प्राचार्य व प्रवेश समित्यांसाठी.

एनसीटीईची (राष्ट्रीय अध्यापक शिक्षण परिषद) मान्यता, विद्यापीठाची संलग्नता आणि नॅकचे (राष्ट्रीय मूल्यांकन व प्रत्यायन परिषद) मूल्यांकन या तीन वेगळ्या गोष्टी आहेत. नॅकची चांगली श्रेणी असली तरी एनसीटीईच्या मान्यतेशिवाय प्रवेश देता येत नाही. एनसीटीई कायदा, 1993 च्या कलम 17 नुसार मान्यता काढल्यानंतरही अभ्यासक्रम चालवला, तर त्या पदवीवर सरकारी किंवा अनुदानित शाळेत नोकरी मिळत नाही. नुकसान थेट विद्यार्थ्याचे होते, म्हणून हा आग्रह.

मूळ मान्यता आदेश काढून अभ्यासक्रमाचे नाव, प्रवेशक्षमता आणि पत्ता शब्दशः जुळवा. गडबड बहुतेक पत्त्यातच निघते. इमारत बदलली असेल आणि स्थलांतराची परवानगी घेतलेली नसेल, तर आधी ते मार्गी लावा. एनसीटीईच्या 2014 च्या नियमावलीत एक घटक (युनिट) 50 विद्यार्थ्यांचा आहे. दोन घटकांना, म्हणजे 100 जागांना, 16 पूर्णवेळ अध्यापक लागतात. राजीनाम्यानंतर रिकामी राहिलेली पदे अध्यापकांच्या यादीत भरलेली दाखवू नका. संकेतस्थळावरची यादीही आजची हवी.

उमेदवाराला पदवी किंवा पदव्युत्तर पदवीला किमान 50 टक्के गुण हवेत. विज्ञान-गणितासह अभियांत्रिकी असल्यास 55 टक्के. राखीव प्रवर्गाची सवलत शासन नियमांप्रमाणे. सीईटीत (प्रवेश परीक्षेत) गुण चांगले असले तरी ही अट सुटत नाही.

उपस्थितीचे प्रवेशाच्या दिवशीच सांगा: तासिका व प्रात्यक्षिकांना 80 टक्के, शालेय आंतरवासितेला (शाळेतील प्रत्यक्ष सरावाला) 90 टक्के. नोकरी सांभाळून हे जमत नाही.