मंदे, परत ती नोरिको!

प्रिय मंदे,

तुझ्या मेसेजना नुसते अंगठे पाठवतेय म्हणून फुगली असशील, माहितीये. बीपीची गोळी चालू आहे, बाकी ठीक.

काल सईला जपानी दिग्दर्शक ओझूचा 'लेट स्प्रिंग' दाखवला. आपला तोच, १९४९ चा. त्यातली नोरिको सत्तावीसची, सईपण सत्तावीसची. आत्या स्थळ आणते, बाप 'मीपण दुसरं लग्न करतोय' म्हणून धडधडीत खोटं बोलतो, का तर पोरीने आपल्यात अडकू नये, आणि ती नवरीचा पोशाख घालून मुकाट निघते. नवरामुलगा अख्ख्या पिक्चरमध्ये दिसत नाही! तू म्हणालेलीस बाप देवमाणूस, मी म्हटलं लबाड, मग किती दिवस अबोला! सई पडली वकील, म्हणे, "आई, जपानच्या १९४७ च्या घटनेत लग्नाला दोघांची संमती पुरे असं आलं ना, मग हिच्यावर जबरदस्ती करतंय कोण?"

काय सांगू? कोणीच करत नाही गं. सगळे हसून, मायेने बोलतात, त्यात तिला नाही म्हणायला जागाच उरत नाही. आणि रविवारी सईला बघायला येतायत. मी फक्त "भेटून तर घे" म्हटलंय, पण आत्यापण अशीच गोडीगुलाबीने सुरू करते ना, तेव्हापासून झोप नाही.

ओझूच्याच 'अर्ली समर'मधली दुसरी नोरिको बरी, साहेबांनी सुचवलेलं, भावाला पसंत असलेलं चाळिशीतलं श्रीमंत स्थळ सोडून ओळखीतल्या बिजवराला हो म्हणते, तेपण त्याच्या आईला, त्याला न विचारताच! सईने असं काही केलं तर गोळी डबल करावी लागेल. तू लगेच तुझी ती नटी, हिदेको ताकामिने काढशील. पण दिग्दर्शक नारुसेच्या १९६० च्या पिक्चरमध्ये ती झालेली टोकियोतल्या गिन्झाच्या बारमधली विधवा, तिचं तरी कुठे बरं चाललंय? आई-भाऊ पैसे मागतात, पुरुष फसवतात, आणि शेवटी परत हसत बारचा जिना चढायचा. दोन्ही नोरिको झालेल्या खुद्द सेत्सुको हाराने मात्र लग्न केलंच नाही. १९६३ मध्ये ओझू गेला, मग हिने काम सोडलं आणि २०१५ मध्ये जाईपर्यंत टोकियोजवळच्या कामाकुरात गुपचूप राहिली. हे सईला अजून सांगितलं नाहीये. सांगू?

तुझ्या फ्लॅटचं पझेशन मिळालं का? जावयाची नोकरी?

रविवारच्या आत फोन कर, पण नऊनंतर, तेव्हा हे बातम्या लावून बसतात. यांचं मत तुझ्यासारखंच, बाप देवमाणूस.

तुझी,
शोभा