ते अ‍ॅप आधी काढ

चि. ओंकार,
अनेक आशीर्वाद.

परवा तू चिडून फोन ठेवलास, तेव्हापासून ते चोरीचे सिनेमे फुकट दाखवणारं अ‍ॅप डोक्यातून जात नाही. आधी ते काढ, मग पुढचं वाच.

सिनेमा फुकट दाखवायला त्याला तुझे मेसेज वाचायची परवानगी कशाला लागते? बँकेचा ओटीपी तिथेच येतो ना? त्यातून माईच्या पेन्शनचे व्यवहारही तू त्याच फोनवरून करतोस. आणि टॉरंट, म्हणजे लोकांनी एकमेकांच्या कॉम्प्युटरवरून फाइल उतरवून घ्यायची पद्धत, त्यातलं तुला माझ्यापेक्षा जास्त कळतं. सिनेमा उतरवून घेताना त्याचे तुकडे तुझ्या कॉम्प्युटरवरून दुसऱ्यांनाही जात असतात, तुझा आयपी अ‍ॅड्रेस, म्हणजे तुझ्या इंटरनेटचा पत्ता, त्या सगळ्यांना दिसतो. मग 'मी नुसता बघतो' असं कसं म्हणतोस?

"कोट्यधीशांना काय फरक पडतो," म्हणालास, तेव्हा मला बाबांचं फोलीचं, म्हणजे सिनेमातल्या हालचालींना स्टुडिओत आवाज द्यायचं काम आठवलं. पडद्यावर बाई जिना उतरायची आणि इकडे बाबा तिच्यासारख्या चपला घालून लाकडी फळीवर पावलं टाकायचे, एकेक पाऊल जुळेपर्यंत. तू कोपऱ्यात तोंडावर हात धरून बसायचास, श्वाससुद्धा ऐकू येऊ नये म्हणून. थिएटरात लपून कॅमेऱ्यावर उतरवलेल्या प्रिंटमध्ये ती पावलं ऐकू येत नाहीत रे, कुणाचा तरी खोकला ऐकू येतो. डिजिटल प्रिंटमध्ये अदृश्य खूण असते, त्यावरून चोरी कुठल्या थिएटरात झाली ते शोधता येतं. पण तोवर कॉपी जगभर गेलेली असते. मोठ्या नटाचं मानधन बहुधा आधीच ठरलेलं असतं. छोट्या निर्मात्याचे पैसे मात्र पहिल्या काही दिवसांतच सुटायचे असतात. ते बुडाले की त्याचा पुढचा सिनेमा राहतो, आणि बाबांसारख्यांना फोनच येत नाही.

झालं, पुन्हा भाषण सुरू झालं माझं. रागावू नकोस. तुझ्या शॉर्टफिल्ममधला दार लोटल्याचा आवाज ऐकून बाबा तुझ्यासमोर काही बोलले नाहीत. रात्री मला म्हणाले, "पोराला कान आहे." तुला हे कधी सांगितलं नव्हतं.

अ‍ॅप निघत नसेल, तर सेटिंगमध्ये त्याची अ‍ॅक्सेसिबिलिटीची (स्क्रीन वाचायची आणि बटणं दाबायची) परवानगी आधी बंद कर. बँकेचा पासवर्ड बदलशील तो मात्र दुसऱ्या फोनवरून. आणि काढलंस की लगेच कळव, कितीही उशीर झाला तरी.

तुझी,
आई