गुरुजी, तुमच्या एका प्रश्नासाठी

आदरणीय गुरुजी,
सादर नमस्कार.

हे पत्र घरी आणून देता आलं असतं. तुमच्या-आमच्या घरांमध्ये एक बोडीच, म्हणजे छोटं तळंच तर आहे. पण आजूबाजूच्या गावांतल्या, बाहेरून एम. ए. करणाऱ्या पोरी मला सारखं विचारतात, 'साहित्यशास्त्राला तू काय वाचलंस?' त्यांनाही वाचता यावं म्हणून उघडच लिहिते. शिवाय समोर बसून आभार मानले की तुम्ही चहाचा विषय काढता.

मी तुमच्याकडे आले ती यादी मागायला. तत्त्वज्ञान, धर्मविचार, काव्यशास्त्र, सगळं अगदी मुळापासून हवं होतं. गाईडमध्ये प्लेटोला दीड पान आणि नाट्यशास्त्र लिहिणाऱ्या भरताला दोन. तेवढ्यावर पेपर निघतो, हेही खरं. तुम्ही यादी दिलीत, पण तिच्या वर एक प्रश्न लिहिलात: 'लोकं तिकीट काढून काहून रडतात?' मला हसू आलं होतं. मंडईला, म्हणजे आमच्या विदर्भातल्या झाडीपट्टीच्या दिवाळीनंतरच्या गावजत्रेला, वडस्याच्या नाटक कंपनीचं नाटक येतं, आई रात्रभर डोळे पुसत बसते आणि पहाटे घरी येऊन सांगते, 'बढिया होतं.' यात काय एवढं विचारायचं?

मग प्लेटो उघडला. 'रिपब्लिक' सगळं वाचू नको, दुसरा, तिसरा आणि दहावा भाग वाच, असं तुम्ही सांगितलं होतं. ही सूट मिळाली नसती तर मी पहिल्या भागातच अडकले असते. दहाव्यात तो म्हणतो की, घरच्या दुःखात आवरून धरलेलं रडू आपण नाटकात मोकळं सोडतो, कारण ते दुसऱ्याचं असतं, त्याची लाज वाटत नाही. पण दुसऱ्याच्या दुःखावर पोसलेली ही सवय मग स्वतःच्या दुःखातही आवरत नाही. मला त्याचा राग आला. आमच्या आईला कोणी हे सांगून बघावं! पण कवींना नगराबाहेर काढणाऱ्या या माणसाला नाटकाची ताकद किती नेमकी कळली होती, हेही तिथेच दिसलं.

ॲरिस्टॉटलसाठी तुम्ही विंदा करंदीकरांचं 'ॲरिस्टॉटलचे काव्यशास्त्र' दिलंत. करुणा आणि भीती जागवून शोकात्मिका त्या भावनांचं कॅथार्सिस (कोणी निचरा म्हणतं, कोणी शुद्धी) घडवते, हे वाक्य पाठ करून आम्ही सगळ्याच परीक्षेला जातो. ॲरिस्टॉटल मात्र व्याख्येत हा शब्द टाकतो आणि पुढे उलगडून सांगतच नाही. 'पॉलिटिक्स'च्या आठव्या भागात म्हणतो, याचं सविस्तर काव्यशास्त्रात सांगेन. आणि आपल्या हाती आलेल्या काव्यशास्त्रात ते नाही. मोठ्या माणसांचं हे असं असतं, म्हणून तुम्ही मिशीत हसलात. गाईडमध्ये मात्र कॅथार्सिसचा अर्थ दोन ओळींत पक्का झालेला आहे.

धर्मविचारात ऑगस्टीन कशाला, हे मला कळलं नव्हतं. उत्तर आफ्रिकेतला चौथ्या-पाचव्या शतकातला बिशप, त्याचं आपल्याकडे काय काम? इंग्रजी प्रत, शब्दकोश मांडीवर आणि तुम्ही दाखवलेला 'कन्फेशन्स'चा तिसरा भाग. कार्थेजला शिकायला गेलेला हा पोरगा नाटकांचा शौकीन. नंतर स्वतःलाच विचारतो: जे दुःख आपल्या वाट्याला यावं असं कोणालाच वाटत नाही, ते बघायला माणूस का जातो? रडू आलं नाही तर प्रेक्षक नावं ठेवत उठून जातो आणि रडू आलं की खूश होऊन बसून राहतो. आणि ही कसली दया, जिच्यात कोणाच्या मदतीला धावायचंच नसतं? देवाशी बोलता बोलता त्याने आमची मंडईच समोर मांडली. सगळ्या यादीत मी सर्वांत जास्त वेळ इथेच थांबले.

त्याच्याआधी महानुभाव पंथाचा 'दृष्टांतपाठ' वाचायला लावलात, त्याचा उपयोग इथे कळला. केसोबासांनी चक्रधरस्वामींचे ११४ दृष्टांत लावले ते सूत्र, दृष्टांत आणि दार्ष्टांतिक (म्हणजे दृष्टांताचा सूत्राशी लावलेला अर्थ) अशा जोडणीने. गोष्ट कुठे संपते आणि सिद्धांत कुठे सुरू होतो ते स्वच्छ दिसतं. जीव, देवता, प्रपंच आणि परमेश्वर हे चार वेगवेगळे, नित्य पदार्थ आहेत, हा महानुभावांचा विचार आधी समजला, म्हणून दुसऱ्या धर्मातलं वाचताना आपला अद्वैताचा चष्मा काढून ठेवता आला. शिवाय ही सगळी खटपट आपल्या रिद्धपूरच्या परिसरातली, सातशे वर्षांमागची. तत्त्वज्ञान म्हटलं की अथेन्स नाहीतर काशी असं डोक्यात बसलेलं होतं.

'काव्यप्रकाश' लिहिणारा मम्मट मला रुक्ष वाटला, रागावू नका. पण ग. त्र्यं. देशपांड्यांच्या 'भारतीय साहित्यशास्त्रा'तून रसाचा विचार करणारा जुना संस्कृत शास्त्रकार भट्टनायक भेटला आणि तुमच्या प्रश्नाला मला पटणारं पहिलं उत्तर मिळालं. रंगमंचावरचं दुःख ना नटाचं, ना माझं, ना त्या सीतेचं एकटीचं. साधारणीकरणाने ते कोणा एकाचं उरत नाही, म्हणून त्याचा आस्वाद घेता येतो. या माणसाचा 'हृदयदर्पण' ग्रंथ नष्ट झाला, त्याचं म्हणणं आपल्यापर्यंत येतं ते त्याला खोडून काढणाऱ्या अभिनवगुप्ताकडून. विरोधकाचं म्हणणं नीट मांडण्याचा हा प्रामाणिकपणा मला फार आवडला.

तुमचा कल ॲरिस्टॉटलकडे आहे, माझा भट्टनायकाकडे. त्यावरून आता माझा तुम्हाला उलटा प्रश्न. संस्कृत नाटककार भवभूती आपल्या भागातला, संशोधक वा. वि. मिराशींनी त्याचं गाव पद्मपूर आमगावजवळचं ठरवलं. त्याच्या 'उत्तररामचरिता'त सातव्या अंकात राम स्वतःच्याच कथेवरचं नाटक बघतो आणि मूर्च्छित पडतो. भट्टनायकाच्या हिशेबाने ते बरोबर, कारण त्याचं दुःख साधारण झालेलंच नाही. पण मग ज्या बाईच्या घरात तेच घडलेलं असतं, तीही आमच्या मंडईत पुढच्या रांगेत बसते, पोटभर रडते आणि पुढच्या वर्षी पुन्हा तिकीट काढते. तिचं काय करायचं? प्लेटोकडे उत्तर आहे, पण ते मला नको आहे.

विंदांचं पुस्तक अजून माझ्याकडे राहू द्या. ऑगस्टीन आणि देशपांडे बाजाराच्या दिवशी आणून देते. काकूंना नमस्कार.

तुमची आभारी,
बोडीपलीकडची विद्यार्थिनी