वासंतीला, आईच्या जपाबद्दल

प्रिय वासंती,

तीन वर्षं पत्र नाही, व्हॉट्सॲपवर नुसते वाढदिवसाचे केक. चुकलंच माझं. माझी तब्येत बरी, बीपीची गोळी चालू आहे.

आईबद्दल लिहायचंय. दुसऱ्या कुणाला सांगावं तर एकतर "देवाचं एवढं करतात तरी असं कसं" नाहीतर "सोडायला सांग ते देवबिव", आणि मला दोन्ही ऐकायचं नाहीये.

हॉस्टेलच्या दिवसांत एका दिवाळीत तू आमच्याकडे आली होतीस, दीड वाजला तरी नैवेद्य नाही म्हणून सगळे उपाशी आणि तू कोठीच्या खोलीत चकल्या हाणत होतीस, आठवतंय? परत येताना एसटीत म्हणालीस, "तुझी आई भक्त नाहीये, घाबरलेली आहे." वर फ्रॉइडचा तो १९०७ चा लेख ऐकवलास, धर्म म्हणजे सगळ्या माणसांचा मिळून मंत्रचळ वगैरे. मी सहा महिने बोलले नाही तुझ्याशी, मेसमध्ये ताट घेऊन लांब बसायचे.

तर या मार्गशीर्षात तिचे हात बघितले. ताम्हन, पळी, टाक पुन्हा पुन्हा घासून बोटांच्या पेरांना चिरा पडलेल्या आणि त्यात चिंच गेलेली. माळ तर संपायचीच नाही, शंभराव्या मण्यापर्यंत यायची आणि परत मेरुमणी धरायची. कितीतरी वेळा विचारल्यावर सांगितलं, तेही भिंतीकडे तोंड करून, की जप करताना देवाबद्दलच घाणेरडं काहीतरी मनात येतं, मग तो जप बाटतो. सत्तावीस वर्षं! बाबांनासुद्धा सांगितलं नव्हतं गं. स्वतःला पापी समजत बसली होती.

सायकिअ‍ॅट्रिस्ट बाईंनी ओसीडी सांगितलं, म्हणजे तोच मंत्रचळ, नको ते विचार आणि त्यापायी तेच तेच पुन्हा करणं. असले नको ते विचार नेमके जे सर्वात प्रिय त्याच्यावरच धाड घालतात म्हणाल्या, नव्या आयांना बाळाबद्दल येतात तसे. गोळ्या दिल्या, दोन-तीन महिने धीर धरा म्हणाल्या, आणि ईआरपी सुरू केली, म्हणजे विचार आला तरी येऊ द्यायचा, पण माळ पहिल्यापासून धरायची नाही. देव सोडा असं एकदाही म्हणाल्या नाहीत. उलट आमच्या गुरुजींना बोलावून घेतलं. गुरुजी आईला एवढंच म्हणाले, "वहिनी, पूजेच्या शेवटी मंत्रहीनं क्रियाहीनं म्हणता ना, ते कशासाठी आहे?" वासंती, मला भरूनच आलं. रोज म्हणत होती ती ते! चुकलं तरी पूजा पूर्ण मानून घे असं रोज देवाला सांगायची आणि उठून पुन्हा ताम्हन घासायला घ्यायची. माफी पूजेतच होती, आजार ती तिच्यापर्यंत पोचू देत नव्हता. म्हणून मला वाटतं फ्रॉइड तिथे चुकला आणि तूही चुकलीस. पण घाबरलेली आहे हे तू बरोब्बर ओळखलं होतंस. मी ऐकलं असतं तर तिची एवढी वर्षं वाचली असती, हे मला झोपू देत नाही.

आता पूजा वीस मिनिटांत होते. आणि परवा मला विचारते, "मग माझी भक्ती म्हणजे सगळा आजारच होता का गं?" मला काही बोलता येईना. नव्हता असं मला मनापासून वाटतं, भीती गोळीने कमी झाली तरी पहाटे पाचला ती उठतेच की, आता तर कुणी उठवतही नाही, आतूनही नाही. पण हे तिला सांगू कसं? तूच सांग, तू देव न मानणारी, म्हणून तुझं तिला खरं वाटेल.

तुझ्या गुडघ्याचं काय झालं? लेकाची बारावी ना यंदा, त्याला आशीर्वाद.

काल माळ निम्म्यावर असताना दूध उतू जायला लागलं. आई उठली, गॅस बंद केला, परत येऊन बसली आणि बोट होतं त्या मण्यापासून पुढे सुरू केलं. मी दारात उभी होते. मग तिनेच मला हाक मारून विचारलं, "ती चकल्या चोरणारी येणार आहे का गं दिवाळीत?"

येशील ना?

तुझी,
उजू