अव्वा, तुमच्या ‘ऊँ’साठी

अव्वा, नमस्कार.

आपण रोज तेलुगूत बोलतो, पण ती लिपी मला येत नाही. शाळा मराठी झाली. म्हणून पत्र मराठीत लिहितेय, नात वाचून दाखवेल.

आपली पद्मशाली माणसं करीमनगर-वरंगलकडून सोलापुरात आली आणि मागावर राबली. गोष्टी मात्र म्हाताऱ्या बायांच्या तोंडातच राहिल्या. तेलुगूचा एक शब्दही न येणाऱ्यानं वाचावी अशी एक नवी गोष्ट त्याच चालीवर लिहायची, असं मी ठरवलं. विणकराची मुलगी, आणि रोज रात्री गावाचं पाणी कुठं जातं याचा तिनं घेतलेला शोध. पहिला खर्डा घेऊन तुमच्याकडे आले तेव्हा मांडीवर सूप होतं, हातात कात्री. “चदुवु,” म्हणालात. मी वाचू लागले.

दर वाक्याला तुमचं “ऊँ”. तिसऱ्या पानावर ते थांबलं. मान वर करून पाहिलं तर विडी वळणं चालूच होतं, हुंकार तेवढा गेला होता. तिथं मी चांदण्याचं दहा ओळी वर्णन केलं होतं. त्याच रात्री खोडलं. पुढं सवयच लागली: ऊँ तुटला की पेन्सिलीची खूण.

मी नदी लिहिली होती. “नदी कुठली? आमच्या गावाला चेरुवु,” असं म्हणून तुम्ही तो तलाव, त्याचा बांध आणि बांधावरची, तळं राखणारी देवी कट्टा मैसम्मा असं सगळं डोळ्यांपुढं उभं केलंत. मैसम्माला न विचारता पोरगी बांधावर रात्री जाईलच कशी? माझ्या ध्यानातही नव्हतं. तिथून गोष्टच फिरली.

आणि तो खेकडा. माझ्या खर्ड्यात तो पाणी पळवायचा, कारण तो दुष्ट होता. तुम्ही चूक दाखवली नाहीत, “अनगनगा ओक राजु”, म्हणजे ‘एक होता राजा’, सुरू केलंत. सात राजपुत्रांचे सात मासे, त्यातला एक वाळेना. का वाळला नाहीस, म्हणून विचारत विचारत मुंगीपर्यंत जायचं, आणि ती मुंगीही ठणकावते: “ना बंगारु पुट्टलो वेलु पेडिते कुट्टना?” माझ्या सोन्याच्या वारुळात बोट घातलंत तर चावणार नाही का? लहानपणी शंभरदा ऐकलेली गोष्ट, पण मुंगीलाही तिची बाजू असते हे त्या दिवशी कळलं. आता माझा खेकडा म्हणतो, “बांध दुरुस्त करताना माझं दार बुजवलंत, मी दुसरं काढलं.” गोष्टीतली मला सगळ्यांत आवडणारी ओळ हीच, आणि ती तुमची आहे.

शेवटी मी कष्टाचं महत्त्व चार ओळींत सांगितलं होतं. त्या सुरू व्हायच्या आतच तुम्ही “कथा कंचिकि, मनम इंटिकि” (गोष्ट कांचीला, आपण घरी) म्हणून गोष्ट संपवलीत, लुगड्यावरची तंबाखू झटकलीत आणि उठलात. त्या चार ओळी गेल्या.

एक गोष्ट मला नातीकडून उशिरा कळली. माझं ऐकता ऐकता तुमच्या दिवसाच्या हजार विड्या भरत नव्हत्या, राहिलेल्या तुम्ही रात्री बसून वळत होता. एका शब्दानं बोलला नाहीत. अव्वा, हे मी विसरणार नाही.

रविवारी छापलेली प्रत घेऊन येते. त्या दिवशी विडीची पानं मी कापेन. वाचेल नात. तुम्ही फक्त ऊँ म्हणा, आणि थांबावंसं वाटलं तर खुशाल थांबा, पेन्सिल आणतेय.

तुमची,
शेजारची पोर