जावाला आपली .एसओ फाईल का सापडत नाही

प्रिय मित्रा,

परवा फोनवर तू म्हणालास की .एसओ फाईल (सी किंवा सी प्लस प्लसमधून लिनक्ससाठी बनवलेली नेटिव्ह लायब्ररी) डोळ्यासमोर आहे, त्याच फोल्डरमधून प्रोग्राम चालवतोय, तरी जावा म्हणतंय सापडत नाही. तुझा आवाज ऐकूनच कळलं किती वैतागलायस, आणि नेमका तेव्हा फोन तुटत होता, म्हणून आता सगळं लिहूनच पाठवतोय.

आधी एक कर, अनसॅटिस्फाइड लिंक एरर (नेटिव्ह लायब्ररी किंवा तिच्यातलं फंक्शन जोडता न आल्याची जावाची एरर) एवढं वाचून थांबू नकोस, कोलननंतर जे लिहिलेलं असतं ते पूर्ण वाच कारण खरी गोष्ट तिथे असते. तुझ्याकडे बहुतेक "नो कोअर इन जावा.लायब्ररी.पाथ" असं येत असणार, कोअर हे लायब्ररीचं नाव आणि जावा.लायब्ररी.पाथ म्हणजे जावा ज्या फोल्डरांत लायब्ररी शोधतो त्यांची यादी. म्हणजे फाईलपर्यंत तो पोचलाच नाहीये. लिनक्सवर आपण ज्या फोल्डरमध्ये आहोत तो या पाथमध्ये आपोआप येत नाही, तो जावा सुरू करतानाच द्यावा लागतो, नंतर कोडमधून प्रॉपर्टी बदलून सहसा काही होत नाही. आणि लोडलायब्ररीला (कोडमधून लायब्ररी लोड करायची मेथड) नुसतं "कोअर" द्यायचं, लिनक्सवर तो स्वतःच लिबकोअर.एसओ शोधतो, विंडोजवर कोअर.डीएलएल, मॅकवर लिबकोअर.डायलिब. पुढे लिब आणि मागे एसओ तू लावलंस तर तो लिबलिबकोअर.एसओ.एसओ शोधत बसणार. पूर्ण पाथच द्यायचा असेल तर सिस्टम.लोड वापर.

आता हे सुटलं की दुसरं येईल बघ, तुझ्या फाईलचा पाथ दिसेल पण पुढे म्हणेल भलतीच कुठली तरी एसओ उघडता येत नाही. इथे माझे पूर्ण दोन दिवस गेले होते रे, मी जावाचा पाथ बदलत राहिलो आणि त्याचा काही संबंधच नव्हता! जावा फक्त तुझी फाईल शोधतो, ती फाईल ज्या दुसऱ्या लायब्रऱ्यांवर अवलंबून आहे त्या ऑपरेटिंग सिस्टमचा लिंकर शोधतो, त्याच्या स्वतःच्या नियमांनी. तुझ्या फाईलवर एलडीडी (तिला लागणाऱ्या लायब्रऱ्या दाखवणारी कमांड) चालव, जिथे नॉट फाउंड दिसेल तीच अडचण. मग एलडी_लायब्ररी_पाथ (लिंकरने कुठे शोधायचं ते सांगणारं व्हेरिएबल) सेट कर, किंवा माझं ऐकशील तर बिल्ड करतानाच आरपाथमध्ये (फाईलमध्येच लिहून ठेवलेला शोधायचा पाथ) डॉलर ओरिजिन (फाईल स्वतः जिथे आहे तो फोल्डर) टाक, म्हणजे शेजारच्या फाईली ती शेजारीच शोधते आणि दुसऱ्या मशीनवर नेली तरी चालते. हो, आणि जीलिबसीचं (लिनक्सची मूळ सी लायब्ररी) व्हर्जन नाही अशी तक्रार आली तर तू नव्या मशीनवर बिल्ड करून जुन्यावर चालवतोयस, बिल्ड जुन्यावरच कर.

तिसरा प्रकार फसवा आहे, लायब्ररी नीट लोड होते आणि मेथड पहिल्यांदा कॉल केली की एरर. तेव्हा नाव जुळत नसतं. सी बाजूच्या फंक्शनचं नाव जावा_ पासून सुरू होऊन त्यात पॅकेज, क्लास, मेथड सगळं यावं लागतं, आणि मूळ नावात अंडरस्कोर असेल तर तिथे _१ होतं (आकडा अर्थात इंग्रजीतला). तू पॅकेज बदललंस ना मध्ये? मग हेडर (फंक्शनची नेमकी नावं असलेली सीची फाईल) परत काढ, जावासी कंपायलरला -एच देऊन, त्यासाठीचं जुनं टूल जावाएच जावा १० मध्येच काढून टाकलंय. सी प्लस प्लस असेल तर एक्स्टर्न "सी" विसरू नकोस, नाहीतर कंपायलर नाव बदलून टाकतो. एनएम -डी या कमांडने नाव खरंच बाहेर दिसतंय का ते बघता येतं.

एकदा जोडलं गेलं की मात्र जपून, कारण नेटिव्ह बाजूला चुकीच्या मेमरीला हात लागला तर एक्सेप्शन येत नाही, अख्खा जेव्हीएम (जावा प्रोग्राम चालवणारी प्रोसेस) पडतो आणि मागे एचएस_एरर ची लॉग फाईल राहते. टेस्टिंगला -एक्सचेक:जेएनआय (जेएनआय म्हणजे जावा आणि सीला जोडणारा इंटरफेस, त्यातल्या चुका हे तपासतं) लावूनच चालव. आणि सी फंक्शनला जावाकडून मिळणारा जेएनआयएन्व्ह पॉइंटर एका थ्रेडचा दुसऱ्या थ्रेडमध्ये कधीच वापरू नकोस, प्लीज.

जावा २२ पासून जावातून थेट सी लायब्ररी कॉल करायचं फॉरेन फंक्शन वालं नवं एपीआय पक्कं झालंय, त्यात मधला सी कोड लिहावाच लागत नाही. नवीन काम त्यातच कर असं मी म्हणेन, पण तुझं हे चालत आलेलं आहे ते आत्ता मोडू नकोस.

आज एररची पूर्ण ओळ आणि एलडीडीचं आउटपुट जसंच्या तसं पाठव, रात्री बसून बघतो.

तुझाच मित्र